मॅजिक नंबर आले कुठून आणि मोडले कुठे

२, ८, २०, २८, ५०, ८२, १२६ हे आकडे न्यूक्लिअर फिजिक्स शिकलेल्या सगळ्यांना पाठ असतात: अणूच्या केंद्रात, म्हणजे न्यूक्लियसमध्ये, प्रोटॉन किंवा न्यूट्रॉन नेमके इतके असले की तो जास्त घट्ट, टिकाऊ असतो, म्हणून हे मॅजिक नंबर. त्याआधीचं थोडक्यात: १९३० च्या दशकात न्यूक्लियस म्हणजे पाण्याचा थेंब हे चित्र जोरात होतं, १९३९ ला युरेनियमचं विखंडनही त्यातूनच छान उलगडलं, मग आत शेल, म्हणजे ऊर्जेच्या लेव्हलचे थर, आहेत म्हणणाऱ्यांचं ऐकतंय कोण.

पण टिनकडे बघा ना. प्रोटॉन ५०, स्थिर आयसोटोप (प्रोटॉन तेवढेच, न्यूट्रॉन कमीजास्त) तब्बल १०, आणि शेजारच्या अँटिमनीचे फक्त २. थेंबाच्या हिशोबात हे बसतच नाही. साधे शेल भरत गेलं तर २, ८, २० बरोबर यायचे आणि पुढे ४०, ७०, ११२ अशी गाडी भरकटायची. १९४९ मध्ये शिकागोत आणि जर्मनीत वेगवेगळं काम करणाऱ्यांना एकच किल्ली सापडली, कणाचा स्पिन (जणू स्वतःभोवतीची गिरकी) आणि त्याचं कक्षेतलं फिरणं यांची जोडणी खूप जोरदार आहे असं धरायचं. मग वरच्या शेलमधली एक लेव्हल खाली उतरते, १० जागांची उतरली की ४० चे ५०, १२ ची उतरली की ७० चे ८२, १४ ची उतरली की ११२ चे १२६. मला आजही हे मांडताना अंगावर काटा येतो. या कामाला १९६३ ला नोबेल मिळालं.

घोळ आहे तो 'मॅजिक' शब्दाचा. थेंबवाल्या एका मोठ्या माणसाला हे आकडे जादूसारखे वाटले म्हणून तो चिकटला, आणि मराठीत 'जादुई अंक' केल्यावर तर तो आकड्याचाच गुण वाटायला लागला. तसं नाहीये! गुण आहे तो दोन लेव्हलमधल्या ऊर्जेच्या फटीचा (फट मोठी तर न्यूक्लियस घट्ट), आणि प्रोटॉन बदलले की फटही बदलते. १९७५ मध्ये सोडियमच्या जड आयसोटोपांचं वस्तुमान मोजलं तेव्हाच २० वर शंका आली, नंतर मॅग्नेशियम-३२ मध्ये न्यूट्रॉन बरोब्बर २० असून न्यूक्लियस मॅजिकला शोभेल असा गोल नाही, लांबुळका निघाला. प्रोटॉन कमी झाले की न्यूट्रॉनची एक लेव्हल वर सरकते, २० ची फट अरुंद होते आणि १६ वर नवी उघडते. २०२३ ला जपानमध्ये ऑक्सिजन-२८ बनवला, ८ प्रोटॉन, २० न्यूट्रॉन, दोन्ही आकडे मॅजिक, म्हणजे पुस्तकाप्रमाणे दुहेरी मॅजिक आणि चांगलाच घट्ट असायला हवा, पण तो लगेच ४ न्यूट्रॉन टाकून ऑक्सिजन-२४ झाला, ज्यात न्यूट्रॉन आहेत १६.