वर्तन-आनुवंशिकी

माणसांच्या बुद्धीत, स्वभावात, मनोविकारांत जो फरक दिसतो त्यातला किती जनुकांमुळे आणि किती परिस्थितीमुळे, हे तपासणारी विद्याशाखा. मराठीत हा वाद म्हणींतच मांडलेला आहे: एकीकडे ‘खाण तशी माती’, दुसरीकडे ‘ढवळ्याशेजारी बांधला पवळ्या, वाण नाही पण गुण लागला’.

ब्रिटिश शास्त्रज्ञ फ्रान्सिस गॉल्टन यांनी १८७५ मध्ये यासाठी जुळ्यांकडे पाहिले. एकयुग्मज, म्हणजे एकाच फलित अंड्यातून जन्मलेल्या, जुळ्यांचा जनुकसंच जवळजवळ एकच. द्वियुग्मज, म्हणजे दोन वेगळ्या अंड्यांतून जन्मलेली, जुळी मात्र इतर सख्ख्या भावंडांइतकीच जवळची. पहिली जोडी दुसरीपेक्षा जितकी अधिक सारखी, तितका जनुकांचा वाटा मोठा धरतात. २०१५ मध्ये ५० वर्षांतल्या २,७४८ जुळे-अभ्यासांचा एकत्र हिशेब झाला, तेव्हा हा वाटा सरासरी ४९ टक्के निघाला.

हा आकडा हमखास चुकीचा वाचला जातो. अर्धा स्वभाव आईबापांकडून आला, असा त्याचा अर्थ नव्हे. एखाद्या समूहात जे फरक आहेत त्यांचा हा हिशेब आहे. कोकणातल्या आंबा बागायतदाराला तो लवकर उमगावा. हापूसची कलमे एकाच वाणाची. रायवळ खुंटाचा परिणाम सोडला, तर एका बागेतल्या झाडाझाडांतला फरक माती, खारा वारा नि खतपाण्याचा. म्हणजे तिथे आनुवंशिक वाटा शून्याजवळ. म्हणून हापूसची चव वाणाची नाही, असे देवगडात कोण म्हणेल? कोयीपासून वाढलेल्या रायवळांत झाडागणिक वाण वेगळा, तिथे हाच आकडा चढतो.

जनुक म्हणजे विधिलिखितही नव्हे. फेनिलकिटोनमेह हा एका जनुकातल्या दोषाचा विकार. पण जन्मतःच निदान होऊन आहार सांभाळला तर मतिमंदत्व टळते. याउलट छिन्नमनस्कतेशी (स्किझोफ्रेनियाशी) जनुकसंचातल्या २८७ जागांचा संबंध २०२२ च्या मोठ्या अभ्यासात दिसला, प्रत्येकीचा परिणाम अगदी थोडा. एकयुग्मज जुळ्यांपैकी एकाला हा आजार असला तरी दुसऱ्याला तो होतोच असे नाही. सोयरीक जुळवताना ‘त्यांच्या घराण्यात वेड आहे’ एवढ्यावरून मुलगी नाकारणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यायला हवे.

कुणाला मुले व्हावीत नि कुणाला नाहीत हे ठरवून माणसाचा वंश ‘सुधारायचा’, या ‘सुप्रजननशास्त्र’ नावाच्या कल्पनेला ‘युजेनिक्स’ हे इंग्रजी नाव गॉल्टन यांनीच १८८३ मध्ये दिले. तिच्या नावाखाली अमेरिकेत आणि नाझी जर्मनीत सक्तीने नसबंदी झाली. आता हजारो जनुकभेदांची बेरीज करून व्यक्तीचा कल सांगणारे गुणांक निघाले आहेत. त्यांची माहिती मुख्यतः युरोपीय वंशाच्या लोकांची, त्यामुळे मालवण किंवा गुहागरच्या माणसाला ते लावले तर अंदाज बराच ढिला पडतो.