विंडो मोड (पीसी गेम)

विंडो मोड म्हणजे पीसीवरचा गेम सगळा स्क्रीन न अडवता बाकीच्या प्रोग्रामसारखा एका चौकटीत चालवणं. वर टायटल बार, उजव्या कोपऱ्यात फुली, खाली टास्कबार, मागं ब्राउझर नाहीतर एक्सेल उघडंच आहे आणि मधे गेम. याच्या उलट फुलस्क्रीन. दोन्हीच्या मधला प्रकार म्हणजे बॉर्डरलेस, ती असते खिडकीच पण चौकट काढून स्क्रीनभर ताणलेली, त्यामुळं बघणाऱ्याला फुलस्क्रीनच वाटतं. बेळगाव, खानापूर, निपाणीकडं पोरं सरळ 'बारीक करून खेळ' म्हणतात आणि तेवढ्यात समोरच्याला कळतं.

गेमिंगवर लिहिणारे बरेच जण विंडो मोडला दुय्यम धरतात, फुलस्क्रीन चालत नसेल तर नाइलाजानं वापरायचा मोड म्हणून. मला ते पटत नाही. ज्याचा कॉम्प्युटर त्याच्या एकट्याचा आहे त्याचं ते म्हणणं आहे, आणि सीमाभागातल्या बऱ्याच घरांत कॉम्प्युटर कुणा एकट्याचा नसतो.

घरचा एकच कॉम्प्युटर

सकाळी त्याच्यावर वडिलांचं टॅली (हिशेबाचं सॉफ्टवेअर), दुपारी अक्काचे फॉर्म, रात्री आईला गावाकडच्या लग्नाचे फोटो बघायचे असतात आणि मधल्या फटीत पोरांचा गेम. फॉर्मही इकडं दुप्पट. दाखले काढायचे कर्नाटकाच्या साईटवर, पण कोल्हापूर-पुण्याला शिकायला जायचं तर महाराष्ट्राच्या साईटवर परत सगळं भरायचं, सीईटी सुद्धा दोन, इकडची केसीईटी आणि तिकडची एमएचटी-सीईटी. महाराष्ट्र ज्या ८६५ गावांवर हक्क सांगतो तिथल्या मराठी मुलांसाठी तिकडं ॲडमिशनला वेगळी तरतूद आहे, त्याचे कागद अजून वेगळे. म्हणजे मे-जूनमधे घरात कुठला ना कुठला फॉर्म अर्धवट भरून उघडाच असतो.

आमच्याकडं असाच अक्काचा फॉर्म निम्म्याच्या वर भरून झालेला, ती कपाटातनं दहावीचं मार्कशीट काढायला आत गेली आणि मी पाच मिनिटं म्हणून गाड्यांचा एक जुना गेम लावला, फुलस्क्रीन. ती येताना दिसली तसं फॉर्मवर परत जायला ऑल्ट-टॅब दाबलं. स्क्रीन काळा. आतनं इंजिनचा आवाज चालू, बाहेर काही दिसत नाही, कंट्रोल-ऑल्ट-डिलीटनं पण काही होईना, शेवटी पॉवरचं बटण दाबून धरून बंद केलं. "काय करून ठेवलास गा हे? सगळं परत भरायचं की आता!" एवढंच म्हणाली आणि परत पहिल्या पानापासून टाईप करत बसली, मी शेजारी उभा राहून एकेक मार्क वाचून दाखवत होतो. त्या दिवसापासून घरच्या मशीनवर मी गेम खिडकीतच लावतो.

तो स्क्रीन काळा का झाला याचं कारण साधं आहे. जुन्या पद्धतीच्या फुलस्क्रीनमधे, ज्याला एक्स्क्लुझिव्ह फुलस्क्रीन म्हणतात, गेम डिस्प्लेचा ताबा स्वतःकडं घेतो आणि रिझोल्यूशन, म्हणजे स्क्रीनवर आडवे-उभे किती ठिपके दाखवायचे ते, पण बदलू शकतो. डायरेक्टएक्स म्हणजे गेमला विंडोजवर चित्र काढायला लागणारा मायक्रोसॉफ्टचा भाग, त्याच्या ९ नंबरच्या आवृत्तीच्या काळातल्या गेममधे ऑल्ट-टॅब केलं की तो ताबा सुटायचा आणि ग्राफिक्सच्या मेमरीतली बरीच चित्रं जायची, परत आल्यावर ती गेमनं नव्यानं भरायची असतात. ज्या गेममधे हे नीट लिहिलेलं नाही तो तिथंच अडकतो. खिडकीत गेम लावला की ताबा घेणं-सोडणं हा प्रकारच राहत नाही, दुसऱ्या खिडकीवर क्लिक केलं की झालं.

सायबर कॅफेच्या जमान्यात पण याचा उपयोग होता. काउंटर-स्ट्राइक १.६ हा नेमबाजीचा गेम लावून पोरं बसायची, कोपऱ्यात कॅफेचा टायमर पळत असायचा पण फुलस्क्रीनमधे तो दिसायचा नाही, आणि ऐन राउंडमधे वेळ संपून स्क्रीन लॉक. ज्यांना माहीत होतं ते गेमच्या शॉर्टकटमधे शेवटी डॅश देऊन विंडोड शब्द टाकायचे (अर्थात इंग्रजी अक्षरात), मग टायमर डोळ्यासमोर राहायचा आणि शेवटची दोन मिनिटं आहेत हे आधी कळायचं.

आत काय चालतं

विंडोज व्हिस्टापासून, म्हणजे २००७ पासून, डेस्कटॉप विंडो मॅनेजर नावाचा एक भाग आला. पेपरच्या ऑफिसात पान लावणारा माणूस जसा बातम्या, फोटो, जाहिराती घेऊन एका पानावर बसवतो तसं हा प्रत्येक प्रोग्रामचं चित्र घेतो, कोण पुढं कोण मागं ते ठरवतो आणि तयार झालेलं पान स्क्रीनकडं पाठवतो. खिडकीतल्या गेमचं चित्र पण याच्याच हातातनं जातं. फायदा असा की चित्र मधनंच फाटल्यासारखं दिसत नाही, जे आधीच्या विंडोज एक्सपीवर खिडकीत खेळताना दिसायचं. तोटा असा की एखाद्या फ्रेमचा, म्हणजे स्क्रीनवर उमटणाऱ्या एका चित्राचा, उशीर होतो, ६० हर्ट्‌झच्या स्क्रीनवर एक फ्रेम म्हणजे साधारण १६.७ मिलीसेकंद. स्ट्रॅटेजी, शेती, क्रिकेटच्या गेममधे हे जाणवत पण नाही, नेमबाजीच्या गेममधे चांगल्या खेळणाऱ्याला जाणवतं. विंडोज ७ मधे बेसिक थीम लावून हा मॅनेजर बंद करता यायचा, विंडोज ८ पासून (२०१२) तो कायमचा चालू आहे.

पुढं मायक्रोसॉफ्टनं हा उशीर कमी करायची सोय केली, त्याला फ्लिप मॉडेल म्हणतात, यात गेमची फ्रेम परत एकदा कॉपी करत बसायला लागत नाही आणि जमेल तेव्हा थेट स्क्रीनवर जाते. डायरेक्टएक्स १२ चे गेम असेच चालतात. विंडोज १० मधे बरेच गेम आपण फुलस्क्रीन म्हणून लावतो ते खरं तर आतनं बॉर्डरलेससारखेच चालतात, आणि विंडोज ११ मधे ग्राफिक्सच्या सेटिंगमधे विंडोतल्या गेमसाठी वेगळं बटण आलंय, ते डायरेक्टएक्स १० आणि ११ च्या गेमला लागू होतं. त्यामुळं विंडो म्हणजे स्लो हे जे अजून सांगितलं जातं ते बऱ्याच प्रमाणात जुनं झालंय.

उलटा गैरसमज पण आहे आणि तो इकडं जास्त ऐकायला मिळतो, की बारीक केलं की गेम हलका चालतो. खिडकी लहान असल्यामुळं नाही, पिक्सेल (चित्राचे ठिपके) कमी झाल्यामुळं हलका चालतो. १३६६ बाय ७६८ म्हणजे साडेदहा लाखांच्या आसपास पिक्सेल, ८०० बाय ६०० म्हणजे ४ लाख ८० हजार, निम्म्याहून कमी. वेगळं ग्राफिक्स कार्ड नसलेल्या मशीनवर तेवढ्यानं अडकत चालणारा गेम खेळण्याजोगा होतो. तोच फरक फुलस्क्रीनमधे रिझोल्यूशन कमी करून पण मिळतो, फक्त तिथं एलसीडी ते चित्र ताणून दाखवते, मग सगळं पुसट, आणि चौकोनी स्क्रीनसाठी केलेल्या गेममधली माणसं आडवी जाड दिसतात. खिडकीत ते लहान दिसेल पण स्वच्छ दिसेल. जुन्या डबा मॉनिटरवर ही अडचण नव्हती कारण त्याला स्वतःचं असं एकच ठरलेलं रिझोल्यूशन नसायचं.

लावायचं कसं

आधी गेमच्या व्हिडिओ सेटिंगमधे डिस्प्ले मोड बघायचा. नसेल तर ऑल्ट-एंटर दाबून बघायचं, बऱ्याच गेमला आणि जुने डॉसचे गेम चालवणाऱ्या डॉसबॉक्सला पण ते चालतं. माइनक्राफ्टची जावा आवृत्ती मुळात खिडकीतच उघडते, ८५४ बाय ४८०, आणि एफ ११ दाबलं की फुल होते. स्टीम या गेम विकणाऱ्या आणि चालवणाऱ्या प्रोग्रामवर गेमच्या प्रॉपर्टीजमधे लाँच ऑप्शन्सचा रकाना असतो, तिथं ते डॅशवाले शब्द टाकायचे, पण शब्द गेमप्रमाणं बदलतात, काउंटर-स्ट्राइकला विंडोड, आणि स्टीमबाहेरच्या जुन्या गेमला ते शॉर्टकटमधेच टाकायचे, जुन्या वॉरक्राफ्ट ३ ला नुसतं विंडो, जुन्या डायब्लो २ ला एकच अक्षर डब्ल्यू. लिनक्सवर वाइन (विंडोजचे प्रोग्राम चालवणारं साधन) वापरणाऱ्यांना व्हर्च्युअल डेस्कटॉपची खूण करून सगळा गेम एका चौकटीत बंद करता येतो.

जुन्या गेमचं मात्र अवघड. १९९७ चा एज ऑफ एम्पायर्स आणि १९९९ चा त्याचा दुसरा भाग इकडं अजून खेळतात, ते २५६ रंगांत चालायचे. त्या २५६ रंगांची एक यादी असते, पॅलेट, आणि व्हिस्टा-विंडोज ७ वर डेस्कटॉपचा एक्सप्लोरर मधे येऊन ती यादी बिघडवायचा, मग गवत लाल आणि पाणी जांभळं. पोरं टास्क मॅनेजरमधनं एक्सप्लोरर बंद करून खेळायची, नाहीतर स्क्रीन रिझोल्यूशनची खिडकी मागं उघडी ठेवायची, तेवढ्यानं पण रंग जागेवर यायचे, आणि हे एका पोरानं दुसऱ्याला सांगत सांगत गावभर पोचलेलं असायचं. यावर चांगला उपाय म्हणजे डीएक्सविंड, सीएनसी-डीड्रॉ, डीजीवूडू अशी छोटी फुकट साधनं, ती गेम आणि विंडोजच्या मधे बसतात, गेमला वाटतं आपण ६४० बाय ४८० फुलस्क्रीनमधे आहोत आणि प्रत्यक्षात चित्र खिडकीत येतं. रंग पण नीट राहतात. ऑनलाइन गेमला मात्र ही साधनं लावू नयेत, चीटिंग पकडणारं सॉफ्टवेअर अशा मधे बसणाऱ्या फाईलवर संशय घेऊ शकतं.

तीन भाषांचा कीबोर्ड

ही अडचण पुण्या-मुंबईकडं एवढी जाणवत नसावी. बेळगावच्या मशीनवर इंग्रजी, मराठी आणि कन्नड असे तीन कीबोर्ड टाकलेले असणं नेहमीचं. डीटीपीच्या दुकानात तर एकाच लग्नपत्रिकेची मराठी बाजू श्रीलिपीत आणि कन्नड बाजू नुडीत (दोन्ही टायपिंगची सॉफ्टवेअर) चाललेली असते आणि संध्याकाळी गिऱ्हाईक कमी झालं की त्याच मशीनवर गेम. विंडोजमधे डावं ऑल्ट आणि शिफ्ट एकदम दाबलं की भाषा बदलते. आता कितीतरी गेममधे शिफ्ट म्हणजे पळणं आणि ऑल्ट म्हणजे हळू चालणं किंवा इकडं तिकडं बघणं. पळता पळता ऑल्ट दाबलं गेलं, भाषा कन्नड झाली, आणि आता चॅटमधे भलतंच उमटतंय किंवा जे गेम बटणाची जागा न बघता अक्षर बघतात त्यांच्यात माणूस हलतच नाही. फुलस्क्रीनमधे बसलेला पोरगा कीबोर्ड खराब झाला म्हणून आपटत बसतो. खिडकीत खेळणाऱ्याला खाली टास्कबारवर भाषा बदललेली दिसते, विंडोज-स्पेस दाबून परत इंग्रजी करतो आणि पुढं चालू. कायमचं करायचं तर कीबोर्डच्या सेटिंगमधे जाऊन ऑल्ट-शिफ्टचं ते कामच काढून टाकावं, मी सगळ्यांना हेच सांगतो. शिफ्ट पाच वेळा दाबल्यावर येणारी स्टिकी कीजची पाटी पण त्याच बैठकीत बंद करून घ्यावी.

अडचणी

सगळ्यात त्रासाची म्हणजे माऊस. चांगला लिहिलेला गेम माऊसला खिडकीच्या आत धरून ठेवतो, पण काही गेम धरत नाहीत, मग गोळी झाडताना बाण बाहेर जातो आणि क्लिक मागच्या टॅलीवर पडतो. अशा गेमला बॉर्डरलेस करावं, म्हणजे निदान बाहेर क्लिक पडायला जागा राहत नाही. दुसरं, जुन्या गेममधली ब्राइटनेसची पट्टी खिडकीत काम करत नाही, कारण तो गेम सगळ्या स्क्रीनचाच उजेड बदलायचा आणि खिडकीतनं त्याला ती मुभा नसते, तेव्हा गुहेतला अंधार मॉनिटरचं बटण दाबून कमी करायला लागतो. काही गेम खिडकीतनं लक्ष काढलं की आपोआप थांबतात, घरच्या मशीनवर ते बरंच आहे.

जागेचा हिशेब पण बघून घ्यावा. जुन्या लॅपटॉपची उंची ७६८ पिक्सेल, विंडोज १० चा टास्कबार ४० खातो, वरचा टायटल बार अजून तीसेक. १२८० बाय ७२० ची खिडकी लावली की खालची कड टास्कबारखाली जाते आणि नेमकं तिथंच नकाशा नाहीतर बंदुकीच्या गोळ्या लिहिलेल्या असतात. टास्कबार आपोआप लपणारा केला तर जेमतेम बसतं. नाहीतर १०२४ बाय ५७६ घ्यावं, लहान वाटतं पण चारी कोपरे दिसतात.

पावसाळ्यात मात्र टास्कबार लपवू नये असं माझं मत आहे. खानापूरकडं जुलैत दिवसभर झड लागते, लाइट कधी जाईल नेम नाही, लॅपटॉप असेल तर बॅटरीचा आकडा समोर दिसायला पाहिजे आणि डेस्कटॉप असेल तर यूपीएस टूं टूं करायला लागल्या लागल्या आधी वडिलांचं टॅली बंद करायचं, मग ब्राउझर, मग गेम सेव्ह. खिडकीत असला की या तिन्हीपर्यंत हात एका क्लिकमधे पोचतो, मॉनिटर मोड बदलतोय म्हणून वाट बघायला लागत नाही.