आधी परतल्याने मांसातला रस कोंडला जात नाही

सँडविचसाठी बीफ स्लो कुकरमध्ये (मंद आचेवर तासन्‌तास शिजवणाऱ्या विजेच्या भांड्यात) लावण्याआधी तव्यावर लाल परतायचं, म्हणजे 'आतला रस कोंडला जातो', असं अजूनही सर्रास सांगितलं जातं. हे खरं नाही. ही कल्पना १८४७च्या सुमारास जर्मन रसायनशास्त्रज्ञ युस्टुस फॉन लीबिग यांनी मांडली. पण लाल झालेला थर पाणी अडवत नाही. परतलेला तुकडा ताटलीत काढून ठेवा, पाच मिनिटांत त्याखाली रस साचतो. तव्यावरची चरचर हासुद्धा बाहेर पडणाऱ्या पाण्याचाच आवाज.

मऊपणा येतो तो दुसरीकडून. खांद्याच्या मांसात, अमेरिकेत ज्याला चक रोस्ट म्हणतात, कोलॅजन या प्रथिनाचे चिवट पांढरे पडदे असतात. मंद आचेवर आठेक तासांत त्यांचं मऊ, जेलीसारखं जिलेटिन होतं. मांस आतून ९० ते ९५ अंश सेल्सिअसला पोचलं की काटा लावताच धागे सुटतात. रस तोवर बराचसा भांड्यात उतरलेला असतो. वरची चरबी काढून तोच धाग्यांवर ओता. कोलॅजन कमी असलेला महागडा तुकडा मात्र इथे कोरडा पडतो.

तरी मी परततेच. ती खमंग चव स्लो कुकरच्या ओल्या वाफेत तशी येत नाही. घाई असेल तर ही पायरी खुशाल गाळा.