पार्श्वभूमी : आधीच नोंदली गेलेली माणसं

पूर्व जर्मनीत वाढलेल्या माणसाला माहितीपटासाठी बोलतं करताना एक गोष्ट ध्यानात घ्यावी लागते. या माणसाचं आयुष्य बहुधा आधीच कुणीतरी टिपून ठेवलेलं असतं, आणि तेही त्याला फारसं न विचारता.

१३ ऑगस्ट १९६१ ला बर्लिनमध्ये भिंत उभी राहू लागली. त्यानंतर लगेचच विनफ्रीड युंगे हा तरुण दिग्दर्शक पोलंडच्या सीमेजवळच्या गोल्त्सो गावात कॅमेरा घेऊन पोचला. गावातली मुलं नुकतीच पहिलीत जाणार होती. समाजवादात जन्मलेली पिढी कशी घडते ते वर्षानुवर्षं टिपायचं, ही कल्पना कार्ल गास यांची आणि पैसा 'डेफा' या सरकारी चित्रपटसंस्थेचा. हेतू उघडच प्रचाराचा होता. पण कॅमेरा एकाच वर्गाकडं पुन्हा पुन्हा जात राहिला की घोषणा मागं पडतात आणि माणसं दिसू लागतात. शाळा, नोकरी, लग्न, मुलंबाळं सगळं फिल्मवर येत गेलं.

१९९० मध्ये पूर्व जर्मनी पश्चिम जर्मनीत विलीन झाली, तो देशच संपला, पाठोपाठ 'डेफा'ही गेली. मुलं आता पस्तिशीची झाली होती. आजूबाजूचे कारखाने बंद पडत होते, सहकारी शेतीची घडी मोडत होती. युंगे आणि त्यांची पत्नी बार्बरा यांनी काम थांबवलं नाही. २००७ पर्यंत ते चाललं. नंतरच्या भागांत ते स्वतःचंच जुनं चित्रीकरण पुन्हा तपासतात, आणि माझ्या मते या मालिकेचं खरं मोल तिथं आहे. काही जणांनी मात्र मधेच कॅमेऱ्याला नकार दिला, तेही समजण्यासारखंच.

दुसरी नोंद छुपी होती. १९८९ मध्ये श्टाझी या गुप्त पोलीस यंत्रणेचे सुमारे ९१,००० पूर्णवेळ कर्मचारी होते, खबरी त्याहून कितीतरी जास्त. आणि देशाची लोकसंख्या जेमतेम १.६ कोटी. जानेवारी १९९२ पासून नागरिकांना आपापली फाईल वाचता येऊ लागली. विरोधी चळवळीतल्या वेरा वोलेनबर्गर यांना कळलं, की आपल्याबद्दल माहिती पुरवणारा 'डोनाल्ड' म्हणजे आपलाच नवरा. असं वाचल्यावर जुन्या सहलीचा फोटोसुद्धा वेगळा दिसू लागतो.

त्यावर पश्चिमेनं सांगितलेली गोष्ट येऊन बसली : तुमचं सगळं चुकलंच होतं. मग कुणी जुन्या लोणच्याच्या बरण्या, 'ट्राबांट' गाड्या कौतुकानं जपू लागले. या हळव्या ओढीला टिंगलीनं 'ओस्टाल्गी' म्हणतात. मला ती टिंगल पटत नाही. बालपण चांगलं गेलं असं म्हणणं म्हणजे भिंतीची बाजू घेणं नव्हे.

श्टाझीच्या फायली २०२१ पासून राष्ट्रीय अभिलेखागाराकडं आहेत. अधिकाऱ्यांनी शेवटच्या दिवसांत फाडलेल्या कागदांची सुमारे १६,००० पोती मिळाली होती. त्यांतली बहुतेक अजून जुळवायची आहेत.