पार्श्वभूमी : आमेनेमोपेचा उपदेश आणि ‘तीस’चा तिढा

प्राचीन इजिप्तच्या नीतिपर वाङ्मयाचा विषय निघाला की बोलणे हमखास आमेनेमोपे या अधिकाऱ्याच्या नावावरच्या उपदेशावर येते, आणि तेही बायबलच्या निमित्ताने. वास्तविक ज्या पपायरसवर, म्हणजे लव्हाळ्याच्या कागदावर, हा उपदेश आहे तो १८८८ पासून लंडनच्या संग्रहालयात होता. साडेतीन मीटरांहून थोडी लांब गुंडाळी, पाठीमागच्या बाजूला शुभाशुभ दिवसांची यादी. तो छापून लोकांसमोर आला १९२२-२३ मध्ये. तूतनखामेनच्या थडग्याच्या बातम्यांनी वर्तमानपत्रे भरली होती ते हे दिवस, त्यामुळे सुरुवातीला त्याच्याकडे फारसे कोणी पाहिले नाही. पाहिले ते १९२४ मध्ये, जेव्हा बर्लिनच्या एका अभ्यासकाने त्यातली वाक्ये बायबलमधल्या नीतिसूत्रांच्या पुस्तकाशेजारी ठेवून दाखवली.

आमेनेमोपेच्या आधीच्या दीड हजार वर्षांची परंपरा इथे थोडक्यात सांगून पुरेल. बापाने मुलाला केलेला उपदेश हा या वाङ्मयाचा ठरलेला साचा. सर्वांत गाजलेला उपदेश प्ताहहोतेपचा. हा पाचव्या राजवंशाचा वजीर, म्हणजे इ.स.पू. २४०० च्या आसपासचा; पण हाती असलेल्या प्रती आणि त्यांची भाषा मध्य राज्याच्या काळापासूनची, म्हणजे काही शतकांनंतरची. म्हणून ग्रंथ त्याने लिहिला नसून पुढे त्याच्या नावावर घातला गेला, असे बरेच जण मानतात. शिकवण व्यवहारी आहे. गाऱ्हाणे घेऊन आलेल्या माणसाच्या पोटातले सगळे बाहेर पडेपर्यंत त्याला तोडू नये. वरिष्ठाच्या पंगतीला समोर वाढलेले खावे, त्याच्याकडे सारखे पाहत बसू नये. चांगले बोलणे हिरव्या रत्नाहून दुर्मीळ, तरी ते धान्य रगडणाऱ्या दासींच्या तोंडीही सापडते. नंतर खेतीचा उपदेश आला. मुलाला नावेतून लेखनिकांच्या शाळेत नेताना बाप एकेका धंद्याची यथेच्छ निंदा करतो आणि लेखनिकाची नोकरी तेवढी खरी ठरवतो.

हे ग्रंथ टिकले ते शाळकरी मुलांमुळे. राजांची थडगी खोदणाऱ्या कारागिरांच्या देर एल-मदीना या वस्तीत खापरांवर आणि चुनखडीच्या कपच्यांवर या उपदेशांचे उतारे ढिगांनी सापडले. बरेचसे चुकांनी भरलेले, कारण ते सरावासाठी गिरवलेले. रामेसिस राजांच्या काळातल्या (इ.स.पू. तेरावे-बारावे शतक) एका पपायरसात जुन्या लेखकांची नावे घेऊन म्हटले आहे की त्यांची थडगी ढासळली, पण पुस्तकांमुळे नावे उरली. त्या नावांत इम्होतेपही आहे. त्याचा उपदेश आज उपलब्ध नाही.

आमेनेमोपेचा ग्रंथ साधारण याच काळातला. सांगणारा अख्मीम भागातला अधिकारी आहे. शेतजमिनीच्या हद्दी, धान्याची मापे, नदीने नव्याने टाकलेल्या बेटांची सरकारी नोंद ही त्याची कामे. आपल्या भाषेत सांगायचे तर महसूल खात्यातला माणूस, आणि त्याची नीती त्या कामातूनच आली आहे. शेताचा बांध कोरू नकोस, विधवेची हद्द तर मुळीच नको. मापात पाप करू नकोस; तराजूजवळ वानर बसलेले असते आणि त्याचे काळीज ओळंब्यात असते. हे वानर म्हणजे लेखनाचा आणि हिशेबाचा देव थोथ. देवाने दिलेले एक माप धान्य अन्यायाने मिळवलेल्या पाच हजारांपेक्षा बरे. आंधळ्याला हसू नये, ठेंगण्याला चिडवू नये, लंगड्याची वाट अडवू नये, कारण माणूस म्हणजे चिखल आणि पेंढा, बांधणारा देव. तापट माणूस आणि शांत माणूस अशी दोन झाडे तो उभी करतो. पहिले आवारात वाढून अखेर जळणाला जाते, दुसरे मोकळ्यावर हिरवे राहून फळ देते.

नीतिसूत्रे २२:१७ पासून वाचू लागले की ओळखीचे बरेच भेटते. कान दे, ऐक. गरिबाला लुबाडू नकोस. तापट माणसाशी मैत्री नको. पूर्वीची हद्द सरकवू नकोस. अधिकाऱ्याच्या पंगतीला जपून बस. संपत्तीला पंख फुटून ती आकाशात उडते हेही दोन्हीकडे आहे, फक्त इजिप्तमध्ये ते पंख हंसाचे आणि बायबलच्या मूळ हिब्रूत गरुडाचे.

खरा तिढा २२:२० मधल्या एका शब्दाचा. हिब्रूच्या लिखित पाठात तिथे ‘पूर्वी’ अशा अर्थाचा शब्द आहे, पण वाक्य नीट लागत नाही. म्हणून परंपरेने पानाच्या समासात वाचनासाठी वेगळा शब्द दिला. त्याचा सरळ अर्थ सरदार. तो ताणून ‘उत्तम गोष्टी’ असा केला गेला आणि जुन्या इंग्रजी भाषांतरात तोच बसला. प्राचीन ग्रीक भाषांतरकाराने ‘तीन पटींनी’ असे काहीतरी काढले होते. आमेनेमोपेचा उपदेश तीस अध्यायांचा आहे आणि शेवटच्या अध्यायात ‘हे तीस अध्याय पाहा’ असे तो स्वतः म्हणतो. बर्लिनच्या अभ्यासकाने सुचवले की हिब्रू शब्दही मुळात ‘तीस’च असावा. त्यासाठी लिखित पाठातले एकच अक्षर बदलावे लागते, आणि ती दोन अक्षरे जुन्या हस्तलेखनात सहज एकमेकांसारखी दिसतात.

ही सूचना विसाव्या शतकातल्या बऱ्याच भाषांतरांनी थेट मजकुरात घेतली आणि ‘तीस वचने’ असे छापले. इथे घाई झाली. सूचना हुशारीची आहे, बहुधा बरोबरही असेल. पण कोणत्याही हिब्रू हस्तलिखितात नसलेला पाठ केवळ शेजारच्या देशातल्या ग्रंथाच्या आधाराने मजकुरात घालायचा, तर निदान मूळ पाठ तळटीपेत ठळक दिसायला हवा होता. एकदा ‘तीस’ छापल्यावर पुढचा प्रत्येक जण तीस वचने मोजायला बसला, आणि प्रत्येकाची विभागणी वेगळी निघाली. शिवाय आमेनेमोपेशी खरे साम्य २३:११ च्या आसपास संपते. त्यानंतर लगेच येणारे, मुलाला छडी मारण्याचे वचन अहिकार या शहाण्या मंत्र्याच्या अरामी भाषेतल्या कथेशी जुळते. तिची सर्वांत जुनी प्रत इजिप्तमधल्याच एलिफंटाइन बेटावर सापडली, हा योगायोग मजेशीर आहे.

कोणी कोणाकडून घेतले यावरही बराच काळ भांडण चालले. १९५७ मध्ये एका फ्रेंच अभ्यासकाने उलटाच दावा केला की इजिप्ती ग्रंथच एका सेमिटिक, म्हणजे हिब्रूच्या भाषाकुळातल्या, मूळावरून उतरवला आहे, कारण त्याची भाषा अवघडलेली वाटते. इजिप्ती भाषेच्या जाणकारांनी तो फेटाळला. कैरोतले एक खापर यात निर्णायक ठरले. त्यावर या उपदेशाचा उतारा आहे आणि ते एकविसाव्या राजवंशाच्या काळातले, म्हणजे इ.स.पू. अकराव्या-दहाव्या शतकातले, ठरवले जाते. मूळ ग्रंथ अर्थातच त्याहून जुना. आता इजिप्तकडून हिब्रूकडे ही दिशा बहुतेकांना मान्य आहे. मतभेद उरला आहे तो ओळी समोर ठेवून घेतल्या की ऐकीव परंपरेतून आल्या एवढाच.

या वादाची किंमत आमेनेमोपेने मोजली. पाठ्यपुस्तकांत प्ताहहोतेप ‘व्यवहारी’ आणि आमेनेमोपे ‘भाविक’ अशी सोपी वाटणी रूढ झाली, कारण दुसऱ्याला बायबलचा शेजार मिळाला. पण हिशेबाची वही, माप, साक्ष आणि वरिष्ठाची पंगत यांनी त्याचे अध्याय भरलेले आहेत, आणि पंगतीची शिकवण तर सरळ प्ताहहोतेपच्या घराण्यातली.

त्यानंतरचे डेमोटिक या उत्तरकालीन इजिप्ती लिपीतले उपदेश अशा वादाविना मागेच राहिले. अंखशेशोंकचा उपदेश छापला गेला १९५५ मध्ये. फारोविरुद्धचा कट माहीत असून सांगितला नाही म्हणून कैदेत पडलेला हा पुरोहित घागरींच्या खापरांवर मुलासाठी एकेका ओळीची वचने लिहितो, अशी त्याची चौकट आहे. लायडनमधल्या दुसऱ्या एका पपायरसात पंचवीस क्रमांकित उपदेश आहेत, आणि येणारे दैव देवच ठरवतो हे ध्रुपद त्यांत अध्यायाच्या शेवटी परत परत येते.