मळीमिश्रित पाणी

साखर कारखाने व त्यांना जोडलेल्या आसवन्यांतून (मद्यार्क काढणाऱ्या डिस्टिलऱ्यांतून) ओढ्यानाल्यांवाटे नदीत उतरणाऱ्या तांबूसकाळ्या सांडपाण्याचे भीमा-सीनाकाठचे रूढ नाव.

‘मळी’ या शब्दाने बराच घोटाळा होतो. उत्पादन शुल्काच्या कागदांत मळी म्हणजे साखर काढून उरलेला दाट पाक. उसाच्या वजनाच्या सुमारे ४ ते ४.५ टक्के. शेतकरी मात्र रस गाळताना निघणाऱ्या गाळालाही, म्हणजे प्रेसमडलाही, मळीच म्हणतो आणि ती ट्रॉलीने रानात टाकतो. काकवी निराळी, तिच्यातली साखर काढून घेतलेली नसते. शब्द ‘मळ’वरून आला असावा. नदीचा घात करतो तो मुख्यतः स्पेंटवॉश : मळी आंबवून मद्यार्क काढल्यावर उरणारे आम्लधर्मी पाणी, १ लिटर मद्यार्कामागे साधारण ८ ते १५ लिटर. म्हणून ‘मळीचे पाणी’ हे नाव अधिक नेमके ठरते. त्याची जैवरासायनिक प्राणवायू मागणी (घाण कुजवताना जिवाणू खातात तो प्राणवायू) लिटरला ४०,००० मिग्रॅ.च्या वर असते. नदीत सोडण्याची मर्यादा ३० मिग्रॅ. आहे.

सोलापूर जिल्ह्यातल्या माळशिरस तालुक्यात नीरेच्या कालव्यावर १९३० च्या दशकात कारखाने निघाले. उजनी धरणानंतर (१९८०) ऊस जिल्हाभर पसरला. गळीत हंगाम नेमका बंधाऱ्यांत बर्गे (पाणी अडवणाऱ्या फळ्या) टाकल्यानंतरचा. पाणी तुंबलेले असते, ओढ्यातून आलेला लोंढा तिथेच बसतो. जिवाणू प्राणवायू संपवतात. रात्री शेवाळही तो घेते, म्हणून पहाटे पाणी सर्वांत वाईट. कटला, रोहू वर येऊन तोंडे उघडमीट करतात आणि उजाडेपर्यंत काठाला लागतात. मरळ हवेतला प्राणवायू घेते, ती मागाहून मरते. मरळही तरंगलेली दिसली की कोळी-भोई जाळे टाकायचे थांबतात. रंगावरून मात्र निदान करू नये : तांबूस छटा सहजी विघटित होत नाही, प्राणवायू परतल्यावरही टिकते.

वाळूत झिरा उकरून पिण्याचे पाणी भरण्याची रीत वाळूउपशाने आणि या पाण्याने मोडली. गावोगाव जार आले. कार्तिकी, माघी व चैत्री या पंढरपूरच्या वाऱ्या बहुधा हंगामातच येतात, त्यामुळे चंद्रभागेतल्या स्नानाचा प्रश्न आषाढीपेक्षा तेव्हा तीव्र होतो.

स्पेंटवॉश प्रेसमडच्या ढिगांवर शिंपडून, ढीग उलथून खत करतात, किंवा आटवून बॉयलरमध्ये जाळतात. खताची पद्धत पावसात चालत नाही. साठवण तळ्याचे अस्तर फाटले, वळीव कोसळला, की साचलेले ओढ्यात उतरते. त्याच सुमारास बर्गे काढले तर काळा पट्टा एका बंधाऱ्याकडून दुसऱ्याकडे सरकत जातो. सोलापूर शहर ज्यातून पाणी उचलते तो औज बंधारा भीमेवरच, बराच खाली आहे.