भाताला सदैव तुंबलेलं पाणी लागतं?

‘भात ही पाणवनस्पती, चिखलावर पाणी दिसेनासं झालं की पीक गेलं,’ हे गोव्यात पिढ्यान्‌पिढ्या ऐकू येतं. ते खरं नाही. भाताच्या खोडामुळांत हवेच्या पोकळ्या असतात, म्हणून तो पाण्यात तग धरतो. तग धरणं वेगळं, गरज असणं वेगळं. साचलेल्या पाण्याचं मुख्य काम म्हणजे तण दाबणं. आपल्याच मोरड जमिनीत, चढावर, भात पावसाच्या ओलीवर पिकत आला आहे.

वायंगणी, म्हणजे पावसाळ्यानंतर पाणी देऊन दुसरं भातपीक घेणाऱ्या शेतकऱ्यांनी तर हे जरूर समजून घ्यावं, कारण उन्हाळ्याच्या तोंडावर पाण्याचा थेंबन्‌थेंब मोलाचा. लावणीनंतर साधारण दोन आठवड्यांनी, तण आवरलेलं असेल तर, शेतात भोकं पाडलेली नळी पुरावी. तिच्यातलं पाणी जमिनीखाली १५ सेंटिमीटरपर्यंत उतरलं की पुन्हा पाणी द्यावं. आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेने प्रसारित केलेल्या या पद्धतीत ३० टक्क्यांपर्यंत पाणी वाचू शकतं आणि मिथेन वायूही कमी सुटतो. फुलोऱ्याच्या वेळी मात्र ताण देऊ नये. तेव्हा ५ सेंटिमीटर पाणी हवंच, नाहीतर पळींज, म्हणजे दाणा न भरलेलं पोकळ भात, वाढतो.

खाजनात, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या खारट शेतात, हा प्रयोग करू नका, हे कळकळीने सांगतो. तिथे पावसाचं गोडं पाणी मीठ धुऊन काढतं आणि खाली दाबून ठेवतं. शेत सुकलं की मीठ वर चढतं. कोरगुट हा भाताचा स्थानिक वाण खारेपणा सोसतो, पण त्यालाही मर्यादा आहे. तिथे बांध आणि मानशीची (खाडीचं पाणी अडवणाऱ्या झडपेची) दारं शाबूत ठेवणं महत्त्वाचं.